दहा मिनिटांचे झिंगे आणि परसातला हिरवा पाला

छत्रपती संभाजीनगर,
रविवार, रात्र

ती. बाबा आणि ती. आई,
साष्टांग नमस्कार.

पत्र बघून घाबरू नका, इकडं आम्ही सगळे खुशाल आहोत. फोनवर सांगितलं असतं, पण आईला उजव्या कानानं नीट ऐकू येत नाही आणि मला जे सांगायचंय ते एकामागून एक, क्रमानं सांगायचंय. म्हणून लिहायलेय. बाबांनी चष्मा लावून मोठ्यानं वाचावं, आईनं जवळ बसावं.

संक्रांतीला आले तेव्हा तीन रात्री मी बघितलं. दुपारचं जेवण तुमचं व्यवस्थित असतं, वरण, पालेभाजी, भाकरी. दिवस मावळला की मात्र दुधात भाकरी कुस्करायची, वर साखरेची चिमूट टाकायची आणि साडेआठला दिवा मालवायचा. मी विचारलं तर आई म्हणाली, "दोन जिवांसाठी कशाला गॅस पेटवायलीस गं?" बाबा काही बोलले नाहीत. कवळी बसल्यापासून त्यांचं मटण सुटलंय. चिकनचेही धागे अडकतात म्हणून ते नको म्हणतात. दिवाळीनंतरच्या आजारपणात उतरलेलं वजन अजून भरून आलेलं नाही. निघताना पाया पडले तेव्हा बाबांच्या मनगटावरचं घड्याळ पार हातावर घसरलं होतं. परभणीला गाडी बदलेपर्यंत माझ्या डोळ्यापुढं तेच.

आज इथं रात्रीच्या जेवणाला झिंगे केले. कढई तापल्यापासून ताटात पडेपर्यंत दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत. खाताना सारखं वाटत होतं, हे आईच्या गुडघ्यांना जमेल आणि बाबांच्या दातांनाही. म्हणून पोरं झोपल्यावर लगेच लिहायला बसले.

आपल्या गंगाखेडला समुद्र कधी आला असेल तर तो आठवडी बाजारात पोत्यावर मांडलेल्या सुकटीतून. आठवतंय ना आई, तू तव्यावर सुकट कोरडी भाजायचीस, लसूण आणि लाल मिरची ठेचून टाकायचीस, आणि अख्ख्या गल्लीला कळायचं. ज्वारीच्या गरम भाकरीवर ती चटणी नि वर कच्च्या तेलाची धार. ओली मासळी म्हणजे आपल्या गंगेची, गोदावरीची, भोई काका ओल्या फडक्यात बांधून आणायचे ती. मरळ, वाम, आणि पुराचं पाणी ओसरलं की बारके झिंगे. त्याची कढई वेगळी, चूल परसातली, आणि चिंचेचा कोळ ठरलेला. मी एकदा विचारलं होतं की प्रत्येक वेळी चिंच कशाला, तर तू म्हणालीस, "मातीचा वास जातो." त्याचं कारण मला आत्ता कळलं. गोड्या पाण्यातल्या शेवाळात आणि गाळातल्या जिवाणूंत जिओस्मिन नावाचं द्रव्य तयार होतं, ते माशाच्या अंगात मुरतं. पहिला पाऊस पडला की बाबा ओट्यावर येऊन ज्या वासासाठी उभे राहतात, त्या वासातही हेच द्रव्य असतं. आंबटानं ते मोडतं. तुला हे कुणी शिकवलं होतं, आजीनं का? पुढच्या वेळी नक्की सांग.

समुद्राच्या झिंग्यांना, म्हणजे इकडं ज्याला कोळंबी म्हणतात तिला, मातीचा वास नसतो. तिला शिळेपणाचा उग्र वास येतो, आणि तो ओळखायला मला वेळ लागला. पहिल्या वर्षी एका दुकानातून मी अर्धा किलो आणली, डोक्यापाशी काळसर पडलेली, अंग मऊ. दुकानदार म्हणाला, आजचीच आहे. मी विश्वास ठेवला, आणि त्या रात्री तुमच्या नातीला उलट्या सुरू झाल्या. सलाइन लावावं लागलं. तुम्हाला तेव्हा सांगितलं नव्हतं. त्यानंतर वर्षभर मी मासळीकडं बघितलं नाही.

मग शेजारी त्या वहिनी राहायला आल्या, माहेर अलिबागचं. त्यांनी मला हाताला धरून बाजारात नेलं. कवच अंगाला घट्ट हवं, डोकं धडाला धरून हवं, बोटानं दाबलं की मांस परत वर यायला हवं, आणि नाकाजवळ धरलं तर मिठाच्या पाण्यासारखा वास यावा, त्यापलीकडं काही नाही. 1 जून ते 31 जुलै आपल्या किनाऱ्यावर यांत्रिक होड्यांना बंदी असते, त्या दिवसांत बाजारात बहुतेक तळ्यात वाढवलेली व्हेनामी कोळंबी येते. ती जात मूळची मेक्सिकोपासून पेरूपर्यंतच्या पॅसिफिक किनाऱ्यावरची, 2009 पासून आपल्याकडं तिच्या शेतीला परवानगी मिळाली, आणि आता आंध्रात तिची मोठी शेती आहे. बाबा, तुम्हाला शेतीचं म्हणून लिहिलं. तळ्यातली असली तरी ताजी असेल तर खायला चांगलीच.

आता कृती. आई, तुला स्वयंपाक मी शिकवावा असं नाही, पण ही तऱ्हा आपल्या घरातली नाही. आपण रस्सा करतो, मसाला परततो, शिजत ठेवतो. इथं शिजत ठेवायचंच नाही.

दोघांसाठी पाव किलो झिंगे पुरतात. सोलायचं काम बाबांनी करायचं, ओट्यावर खुर्ची टाकून, मांडीवर ताट घेऊन. डोकं मोडायचं, पायाकडून कवच उकलायचं, पाठीवर सुरीनं बारीक चीर देऊन काळा दोरा ओढून काढायचा. तो दोरा म्हणजे त्याचं आतडं. त्यात वाळू असते, ती दाताखाली कचकचते आणि कवळीला त्रास होतो. बारके असतील तर दोरा नाही निघाला तरी चालेल. धुऊन चाळणीत निथळत ठेवा. मग जुन्या सुती धोतराच्या फडक्यात गुंडाळून अगदी कोरडे टिपा. हे मी मुद्दाम ठासून लिहायलेय, कारण सगळं यावरच आहे. ओले झिंगे कढईत पडले की आधी ते पाणी उडायला लागतं, कढई थंड पडते, झिंगे स्वतःचं पाणी सोडून त्यातच उकडतात आणि खोडरबर होतात. मी पहिले कित्येक महिने असेच रबर करत होते. हे काही न बोलता खायचे, पण मुलगा ताटाच्या कडेला सरकवून ठेवायचा.

टिपल्यावर चिमूटभर हळद, अगदी थोडं मीठ. बाबांचं बीपी लक्षात ठेवून मी लिंबावर भर देते.

पाला आधीच चिरून जवळ ठेवायचा, कारण एकदा कढई तापली की चिरायला वेळ मिळत नाही. आता थंडीत आपल्या परसात सगळंच असेल. ओल्या लसणाची पात एक मूठ, कोथिंबिरीची एक मूठ, पुदिना अर्धी मूठ, कढीपत्त्याची एक डहाळी. कोथिंबिरीच्या काड्या टाकून देऊ नका, पानांपेक्षा त्या जास्त दरवळतात. त्या बारीक चिरून वेगळ्या ठेवा. शिवाय हौदाजवळच्या डब्यात आई उन्हाळ्यात सरबतात टाकायला लावते तो सब्जा. त्याची पानं आपण कधी खाल्लीच नाहीत. परदेशात बेसिल म्हणून जे विकतात ते सब्जाच्याच जातीचं, आणि झिंग्यांबरोबर त्याचा वास काय सुंदर लागतो ते तुम्ही स्वतः बघा. थायलंडमध्ये असल्याच परतलेल्या पदार्थात तुळशीच्या जातीची पानं घालतात, ती भाजी मी व्हिडिओत बघितली. पण वृंदावनातल्या तुळशीला हात लावायचं माझ्याही मनात आलं नाही. सब्जानं काम भागतं.

लसणाच्या सहा-सात पाकळ्या ठेचा, आल्याचा एक तुकडा बारीक चिरा, हिरव्या मिरच्या दोन, मधून फाडून. बाबांना सोसत नसेल तर बी काढून टाका.

कढई लोखंडी हवी, आणि ती तापायला हवी. पाण्याचा थेंब टाकला तर तो मोत्यासारखा पळायला हवा, इतकी. मग शेंगदाण्याच्या तेलाचे दोन चमचे. आपलं घाण्याचं करडीचं तेल चटणीवर घ्यायला अमृत आहे, बाबांनी पेरलेल्या परभणी कुसुम वाणाचं तर विचारूच नका, पण ते मोठ्या आचेवर लगेच धुरावतं आणि कडवटतं. इथं नको. तेल हललं की लसूण, आलं, मिरची, कढीपत्ता आणि कोथिंबिरीच्या काड्या एकदम टाका, वीस-तीस सेकंद हलवा. लसूण तांबूस व्हायची वाट बघू नका. लगेच झिंगे, एकमेकांवर न चढवता, पसरून. आच मोठीच. मिनिटभर हात लावायचा नाही. मग उलटायचे.

इथं डोळ्यासमोर जे होतं ते आई, तू जवळ वाकून बघ. करडे, पाणचट दिसणारे झिंगे कडेकडेनं केशरी व्हायला लागतात, आतलं काचेसारखं मांस पांढरं धरतं. तो केशरी रंग पहिल्यापासून त्यांच्या अंगात असतो, एका प्रथिनाला जखडलेला. उष्णतेनं ते प्रथिन उकलतं आणि रंग मोकळा होतो. मी दर वेळी हे बघत थांबते. आणि बघता बघता झिंगा वळायला लागतो. चंद्रकोरीसारखा वळला की झाला. त्याचं पूर्ण कडं झालं, शेपूट डोक्याकडं टेकली, म्हणजे उशीर झाला, आतलं पाणी पिळून निघालं. मोठ्या कोळंबीला एकूण अडीच-तीन मिनिटं लागतात. गंगेच्या बारक्या झिंग्यांना दीड मिनिट पुरे, तिथं तर नजर हलवायचीच नाही.

चंद्रकोर दिसली की गॅस बंद. मग लसणाची पात, कोथिंबिरीची पानं, पुदिना, सब्जा, सगळा पाला वरून टाकून दोनदा खालीवर करायचं. पाल्याचा वास हलक्या तेलात असतो आणि ते तेल आचेवर उडून जातं. आपण रश्शात कोथिंबीर शेवटी का पेरतो, तेच. कढईच्या राहिलेल्या धगीनं तो नुसता मऊ पडतो, रंग हिरवागारच राहतो. अर्धं लिंबू पिळायचं, गंगेचे झिंगे असतील तर जरा जास्त. लगेच ताटात काढायचं, कढईत ठेवलं तर शिजतच राहतं. बाबांसाठी भाकरीऐवजी मऊ भात टाका, किंवा ताज्या भाकरीचा पापुद्रा कुस्करून.

बाबांच्या डॉक्टरांशी मी फोनवर बोलले आहे. सोललेल्या 100 ग्रॅम झिंग्यांत साधारण 20 ग्रॅम प्रथिनं असतात, चरबी अगदी कमी, आणि चावायला मऊ. कोलेस्टेरॉल मात्र बऱ्यापैकी असतं, म्हणून ते म्हणाले आठवड्यातून एकदा चालेल, रोज नको. बाकी रात्री एखादं अंडं, मुगाचं धिरडं, काहीही करा, पण नुसत्या दूधभाकरीवर झोपू नका. खाल्ल्यावर अंगाला खाज सुटली किंवा ओठ सुजले तर पुन्हा खायचे नाहीत आणि लगेच दवाखाना गाठायचा. लहानपणापासून सुकट पचलीय तुम्हाला, तसं काही होणार नाही, तरी लिहून ठेवते.

आई, तुला वाटेल पोरगी एवढ्या लांबून भाजी सांगायलीय. मी इथं आठवड्यातून दोनदा ही कढई तापवते, चार माणसं एकदम जेवायला बसतात, आणि तिकडं तुम्ही दोघं अंधारात दूधभाकरी खाता हे मला गिळवत नाही. तू आम्हा तिघांसाठी परसात धुरात बसून किती वर्षं रांधलंस. डोळे चोळत चोळत पहिला तुकडा आमच्या ताटात टाकायचीस, तुझ्या वाट्याला रस्सा यायचा. आता तुझ्या ताटात आधी पडू दे.

गॅसजवळ उंच स्टूल ठेवा, आईनं उभं राहायचंच नाही. सोलणं, टिपणं, पाला निवडणं बाबांचं. परतणं आईचं. एकादशी, सोमवार, गुरुवार सोडून.

मी पुढच्या शनिवारी निघतेय, रात्री उशिरा पोचेन, जागे राहू नका, कडी आतून लावून घ्या, मी हाक मारेन. नवी बिड्याची कढई सोबत आणतेय, तेल लावून तापवून तयार केलेली, म्हणजे मासळीची वेगळीच राहील. बाबा, भोई काकांना सांगून ठेवा, रविवारी सकाळी पाव किलो झिंगे, जिवंत फडफडते. नाहीच मिळाले तर मरळीचे तुकडे करू. आणि आई, लसणाची पात मी येईपर्यंत कापू नकोस.

तुमची लाडकी,
ताई