गणितातली करणी समजावून देणाऱ्या काकांस आभारपत्र

आदरणीय काका,

सादर नमस्कार.

माझ्या मुलीला नववीत असताना दांडिया बाजारातल्या आपल्या घरी बसवून आपण करणी, म्हणजे √२ सारखी पूर्ण न सुटणारी मुळे, शिकवल्यात, त्याबद्दल हे जाहीर आभार. तिची शाळा गुजराती माध्यमाची. तरीही आपण दोन्ही भाषांत, न कंटाळता समजावलेत.

√५० + √१८ चे उत्तर ती √६८ लिहून मोकळी होत असे. नुसता नियम सांगून आपण तिला गप्प केले नाहीत. आलेख कागदावर ६ सेंमी कर्णाचा तिरका चौरस तिच्याकडून काढून घेतलात, त्याचे क्षेत्रफळ १८ चौरस सेंमी भरते हे मोजायला लावलेत आणि मग त्याच्या पोटात प्रत्येकी २ चौरस सेंमीचे नऊ चौरस आखून घेतलेत. मोठ्या बाजूवर तीन छोट्या बाजू बसल्या, म्हणजे √१८ = ३√२, हे तिला डोळ्यांनी दिसले. त्याच रीतीने √५० चे ५√२ झाले. दोन्ही बाजू एका रेषेत मांडल्यावर लांबी ८√२, म्हणजे √१२८ आली आणि √६८ चा प्रश्नच मिटला.

छेदाचे परिमेयीकरण, म्हणजे छेदातली करणी घालवणे, कशासाठी करायचे, हे मात्र मलाही आपल्यामुळेच कळले. १ ÷ (√३ − √२) ही किंमत दोन दशांश स्थळे घेऊन काढली, तर १.७३ मधून १.४१ वजा जाऊन छेदात ०.३२ उरतात आणि उत्तर ३.१२५ येते. अंश आणि छेद दोघांना √३ + √२ ने गुणले की छेद १ होतो. मग त्याच दोन किमतींची नुसती बेरीज ३.१४ येते आणि ती खऱ्या ३.१४६ च्या कितीतरी जवळ असते. पाठ्यपुस्तकात हे कारण पहिल्याच पानावर असायला हवे, असे मला मनापासून वाटते.

आता दहावीत वर्गसमीकरणे सुरू झाली आहेत. क्ष² − ४क्ष + १ = ० सोडवताना √१२ आले की ती कोणी न सांगता २√३ लिहिते, २ ± √३ ही मुळे काढते आणि दोन्हींचा गुणाकार १ येतो का, हे स्वतःच पडताळून पाहते. पडताळ्याची ही सवय आपण लावलीत, त्याबद्दल आम्ही सारे आपले ऋणी आहोत.

आपली कृतज्ञ,
आपल्या विद्यार्थिनीची आई, बडोदे