स्टेज झिरो म्हणजे काय तेही छापा

मा. संपादक,
स. न.

ऑक्टोबर आला की ब्रेस्ट कॅन्सरबद्दल, छातीत गाठ लागली तर डॉक्टरांकडे जा असं सगळीकडे छापून येतं, ते हवंच, पण जिच्या हाताला गाठ लागतच नाही तिच्याबद्दल कुणी लिहीत नाही म्हणून हे पत्र.

माझी धाकटी जाऊ, वय 52, काही त्रास नाही, नुसती रुटीन म्हणून मॅमोग्राफी, म्हणजे ब्रेस्टचा एक्स-रे, केली. फिल्मवर चिमूटभर रवा सांडावा तसे पांढरे ठिपके होते, मग बायोप्सी, म्हणजे छोटा तुकडा काढून तपासणी. रिपोर्टचं पाकीट काउंटरवरून हातात दिलं, कुणी समजावलं नाही, तिने ते कर्वे रोडला रिक्षात फोडलं आणि कार्सिनोमा, म्हणजे कॅन्सर, हा एकच शब्द वाचून मला फोन केला, रडत, ताई माझ्या पोरीचं लग्न बघायचं होतं हो. त्याच्या पुढेच इन सिटू असं लिहिलेलं होतं ते तिला दिसलंच नाही आणि दिसलं असतं तरी कळलं नसतं.

इन सिटू म्हणजे जागच्या जागी. पेशी बिघडल्यात पण त्या दुधाच्या नळीच्या आतच आहेत, नळीची भिंत फोडून बाहेर आलेल्या नाहीत, यालाच डीसीआयएस (डक्टल कार्सिनोमा इन सिटू) किंवा स्टेज झिरो म्हणतात. पुढे त्या बाहेर पडतील की नाही हे खात्रीने सांगता येत नाही म्हणून उपचार करतात, पण केमो लागत नाही, आणि दोन-तीन आठवडे नीट विचार करायला, दुसऱ्या डॉक्टरांना विचारायला वेळ असतो. आम्हाला पहिल्या ठिकाणी सोमवारीच या, पूर्ण ब्रेस्ट काढू, एवढंच सांगितलं होतं. दुसऱ्या डॉक्टरांनी फिल्म लाइटवर धरून दाखवलं की भाग छोटा आहे, तेवढाच काढून रेडिएशन दिलं तरी चालेल. भाग मोठा किंवा दोन-तीन ठिकाणी पसरलेला असेल तर पूर्ण काढावं लागतं हेही सांगितलं.

गाठच नाही तर कापायचं कुठे, म्हणून ऑपरेशनच्या सकाळी मॅमोग्राफीत बघून एक बारीक तार आत सोडतात, तिच्या टोकाशी असलेला भाग सर्जन काढतो. ती तार बाहेर चिकटपट्टीने लावलेली, तशीच जाऊ दीड तास माझा हात धरून बसली होती.

आणि घरी आत्याबाईंनी तिचं दूध आणि नाचणी बंद केली, कॅल्शियमचे ठिपके म्हणून! त्या ठिपक्यांचा खाण्याशी काही संबंध नाही, प्लीज हे ठळक छापा.

अमेरिकेत कॉमेट नावाच्या ट्रायलमध्ये कमी धोक्याचा डीसीआयएस असलेल्या काही बायकांना लगेच ऑपरेशन न करता लक्ष ठेवून बघितलं, डिसेंबर 2024 मध्ये निकाल आले, दोन वर्षांत नळीबाहेर पडलेला कॅन्सर लक्ष ठेवलेल्यांत 4.2 टक्के आणि ऑपरेशनवाल्यांत 5.9 टक्के, म्हणजे थांबून जास्त झाला असं नाही. पण दोन वर्षं फार थोडी, आणि त्यात हाय ग्रेडवाल्या, म्हणजे ज्यांच्या पेशी जास्त बिघडल्यात अशा, घेतलेल्याच नव्हत्या. जावेची ग्रेड 3, म्हणजे हाय, होती त्यामुळे थांबायचा प्रश्नच नव्हता. म्हणून ग्रेड कुठली, मार्जिन क्लिअर आहे का म्हणजे काढलेल्या तुकड्याच्या कडेला बिघडलेल्या पेशी नाहीत ना, हॉर्मोन रिसेप्टर पॉझिटिव्ह आहे का म्हणजे हॉर्मोनविरोधी गोळी लागेल का, हे विचारायचं असतं एवढं तरी बायकांना माहीत हवं. एखाद्या ब्रेस्ट सर्जनकडून रिपोर्ट कसा वाचायचा यावर सोप्या मराठीत लेख घ्या ना.

जावेची पुढची मॅमोग्राफी जूनमध्ये आहे, मी बरोबर जाणार आहे, पाकीट डॉक्टरांसमोरच उघडायचं असं आमचं ठरलंय.

आपली एक वाचक,
कोथरूड, पुणे