कोळ्यांवरचा माहितीपट कोळीवाड्यात दाखवावा

महोदय,

सर्वनिक कौर यांच्या ‘अगेन्स्ट द टाइड’ या मुंबईतील कोळ्यांवरच्या माहितीपटाला अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवात २०२३ मध्ये विशेष ज्युरी पुरस्कार मिळाला. माझ्या वाचनात आलेल्या बातम्या पुरस्काराशीच थांबल्या; तो कशासाठी दिला गेला, हे त्यांत नव्हते. निवेदकाच्या भाष्याचा आधार न घेता, माणसांच्या सहवासात दीर्घकाळ राहून त्यांचे जगणे जसे घडेल तसे टिपण्याच्या पद्धतीसाठी तो होता.

चित्रपटात दोन कोळी मित्र आहेत. एक वडिलांकडून आलेली होडी घेऊन, भरती-ओहोटीच्या अंदाजावर किनाऱ्याजवळ मासेमारी करतो. दुसरा स्कॉटलंडमध्ये शिकून आलेला, खोल समुद्रात जाणारा, कर्जात रुतलेला आणि म्हणूनच मासळीला प्रकाशाकडे ओढून आणणाऱ्या एलईडी दिव्यांच्या मोहात पडलेला. अशा दिव्यांवर केंद्राने २०१७ मध्येच बंदी घातली आहे, त्यामुळे एखाद्या उतावीळ दिग्दर्शकाने दुसऱ्याला सरळ खलनायक करून टाकले असते. कौर तसे करत नाहीत. मासळीच घटत चालली असताना दोघांचीही कोंडी कशी होते आणि त्यातून मैत्रीला तडे कसे जातात, हे त्या दाखवतात. काश्मीरमधील कवी व गायकांवर २०१६ मध्ये तुषार माधव यांच्यासह केलेल्या ‘अ बॅलड ऑफ मॅलडीज’नंतरचा हा त्यांचा चित्रपट. कोळी समाजाबाहेरून आलेल्या व्यक्तीसमोर माणसे घरातले भांडणही लपवत नाहीत, हा विश्वास चार दिवसांच्या चित्रीकरणात मिळत नाही. (आमच्याकडे नारळी पौर्णिमेला कॅमेरे घेऊन येणाऱ्यांना सोनेरी नारळापलीकडचे काही क्वचितच दिसते.)

स्वतंत्र माहितीपटांना महोत्सवांबाहेर प्रेक्षक मिळणे कठीण असते, हे खरे. परंतु या चित्रपटाला चित्रपटगृहाची वाट पाहण्याचे कारण नाही. मच्छीमार सहकारी सोसायट्या आणि राज्याचा मत्स्यव्यवसाय विभाग यांनी निर्मात्यांची रीतसर परवानगी व योग्य मानधन देऊन वर्सोव्यापासून ससून डॉकपर्यंत त्याचे खेळ लावावेत आणि खेळानंतर दिग्दर्शिकेशी चर्चा ठेवावी, अशी विनंती आहे. त्यासाठी जून-जुलैतील मासेमारी बंदीचा काळ सोयीचा ठरेल. तेव्हा होड्या किनाऱ्यावर शाकारलेल्या असतात आणि छोट्या होडीवाल्यांबरोबर मोठ्या बोटींचे मालकही घरीच असतात.

आपला,
एक वाचक, वर्सोवा