माई, तोंडावर म्हटलं तर ऐकून घेत नाही म्हणून इथं लिहितेय

माई,
तुम्हाला थँक्यू म्हटलं की "गप बस गं, चहा घे" म्हणून विषयच मोडता, म्हणून आता सगळ्यांसमोर लिहितेय. सूनबाईंनी वाचून दाखवा प्लीज.

तुम्ही सिरियलमध्ये केलेल्या खाष्ट सासूला लोक किती मनावर घेतात ते तुमच्याबरोबर फिरल्यावर कळलं. कोल्हापुरात महाद्वार रोडला एका बाईनं अडवून "त्या पोरीला किती छळशील गं" म्हणून सुनावलं, आणि तुम्ही "अजून महिनाभर तरी छळायचं हाय, वरनं ऑर्डर हाय" म्हणून पिशवी उचलून पुढं. मी तिथंच फुटले हसून.

पण ह्या सासूच्या मागचं कुणाला माहीत नसतं. राज्य नाट्य स्पर्धेत केशवराव भोसले नाट्यगृहाच्या स्टेजवर उभ्या राहायचात, घर आणि पोरांच्या परीक्षा सांभाळून, आणि कॅमेऱ्यासमोर आलात ते चाळिशी उलटल्यावर. तेव्हा सिरियल म्हणजे मुंबईच, रात्री महालक्ष्मी एक्स्प्रेस धरायची, दिवसभर गोरेगावला शूट आणि परत. 2016 ला 'तुझ्यात जीव रंगला' सिरियल कोल्हापूरजवळ वसगड्यात शूट व्हायला लागली, मोरेवाडीच्या चित्रनगरीतपण सेट लागले, तेव्हा कुठं आपल्याकडच्या बायकांना घरचा डबा घेऊन शूटला जाता यायला लागलं. 1929 ला 'प्रभात' फिल्म कंपनी ज्या गावात सुरू झाली तिथल्या नटीनं चार वाक्यांच्या रोलसाठी रात्रभर रेल्वेत बसायचं, हे मला अजून पटत नाही. असो.

मी नाटकातनं आलेली, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची सवय. माझा पहिला मोठा रडायचा सीन होता आणि रिहर्सललाच मी जीव तोडून रडायला लागले, तर तुम्ही पदर धरून बाजूला घेतलंत. "अगं, आधी मास्टर लागणार, म्हंजे सगळा सीन लांबनं, कॅमेरा पार त्या दाराजवळ. मग आपल्या दोघींचा टू शॉट, मग माझा क्लोज, तुझा क्लोज सगळ्यात शेवटी. तवर डोळं कोरडं पडलं तर काय दाखवणार? आणि माईक पदरातच हाय, वरडू नको." मग पाण्याचा ग्लास कुठल्या शब्दाला उचलला आणि कुठल्या हातात होता ते लक्षात ठेवायला लावलंत, कारण प्रत्येक शॉटला तेच तसंच करायचं, नाहीतर एडिटला कंटिन्युइटी जाते. हे मला कुठल्या वर्कशॉपमध्ये नाही कळलं, तुमच्याकडून कळलं, तेही लायटिंग होईपर्यंतच्या वेळात.

आणि पैशाचं! त्याबद्दल तर पायाच पडायला पाहिजे. आपल्या लाइनमध्ये पर डे, म्हणजे दिवसाचा रेट, ठरतो आणि पेमेंट नव्वद दिवसांनी, तोपर्यंत घरभाडं कुणी थांबवत नाही. करारावर सही करायच्या आधी "महिन्याला कमीत कमी किती दिवस धरलेत ते लिहून घे, तोंडी काय बी खरं नसतं" हे सांगितलंत, आणि तारीख, कॉल टाइम म्हणजे सेटवर पोचायची वेळ, पॅकअप, कुठले सीन झाले हे रोज लिहायला एक डायरी हातात दिलीत. पुढं एका प्रॉडक्शननं माझे दिवस कमी दाखवले तेव्हा मी ती डायरीच टेबलावर ठेवली. पूर्ण पैसे आले, उशिरा का होईना.

आमच्या आईला समजवायलाही तुम्हीच आलात. "पोरगी माझ्या डोळ्यासमोर हाय, मी घरी सोडतो," एवढ्या एका वाक्यावर तिनं परवानगी दिली, नाहीतर मी आज बँकेच्या परीक्षाच देत बसले असते.

सगळ्यात भारी म्हणजे तुमचा ट्रॅक, म्हणजे तुमच्या सासूची गोष्ट, संपवला तो दिवस. चॅनलला लीप घ्यायचा होता, म्हणजे गोष्ट एकदम काही वर्षं पुढं न्यायची होती, तुम्हाला स्क्रिप्ट हातात आल्यावर कळलं की उद्या आपण मरणार. दुसऱ्या दिवशी सेटवर तुमचा हार घातलेला फोटो लागला आणि तुम्ही त्याच्याखाली उभं राहून म्हणालात, "रोज सीनमध्ये असणार की मी, फक्त पर डे न्हाई." त्यानंतर किती महिने काम नव्हतं ते मला माहितेय, तरी मला फोन यायचे ते "जेवलीस का, पेमेंट आलं का" विचारायलाच.

आता तुम्ही नव्या सिरियलमध्ये आजी झालाय आणि मी तुमची नातसून, कसलं भारी! सोमवारी सकाळी सातचा कॉल आहे, मी गाडी घेऊन येते, रिक्षा करू नका. आणि डबा आणू नका, आई करून देणार आहे.

तुमचीच,
सेटवरची लेक