ठिपके दिसेनासे झाले तरी औषध सुरूच ठेवावे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

डिसेंबर-जानेवारीत इंदूरची रात्र दहा अंशांखाली उतरते. हीटर नसलेल्या, शोभेच्या माशांच्या टाकीतले पाणी अशा दिवसांत सतत गार-कोमट होत राहते, त्याने मासे अशक्त होतात आणि त्यांच्या अंगावर, परांवर मिठाच्या कणांएवढे पांढरे ठिपके दिसू लागतात. हा ‘इक’ नावाच्या एकपेशीय परजीवीचा उपद्रव. दुकानदार एखादी औषधाची बाटली देतो, काही दिवसांनी ठिपके जातात आणि बहुतेक जण औषध तिथेच थांबवतात. माझा आक्षेप या थांबवण्याला आहे.

पूर्ण वाढलेला परजीवी आपणहून मासा सोडतो, तळाच्या खडीला चिकटतो, स्वतःभोवती आवरण करतो आणि आत विभागून शेकडो नवे जीव तयार करतो. माशाच्या त्वचेत किंवा आवरणात असताना त्याला औषध भिडतच नाही; नवे जीव बाहेर पडून मासा शोधत पोहत असतात, तेवढ्याच काळात ते मरतात. पाणी 25 अंशांच्या आसपास असेल तर हे चक्र साधारण आठवड्यात पुरे होते, गार पाण्यात ते कित्येक आठवडे रेंगाळते. म्हणून हीटरने तापमान रोज एक-दोन अंश वाढवत 28 ते 30 पर्यंत न्यावे. मात्र कोमट पाण्यात प्राणवायू कमी विरघळत असल्याने एअर पंप अखंड चालवावा, औषध शोषून घेणारा कोळसा फिल्टरमधून काढावा आणि शेवटचा ठिपका गेल्यावरही किमान आठवडाभर उपचार चालू ठेवावेत. आजारी मासा तेवढा बाहेर काढून भागत नाही, कारण रोग खडीतही असतो. लोच आणि कॅटफिश या माशांना अशा औषधांत अनेकदा असणारे मॅलेकाइट ग्रीन हे रसायन सोसत नाही, त्यामुळे त्यांच्या टाकीत मात्रा जपून द्यावी.

नवा मासा दोन-तीन आठवडे वेगळ्या टाकीत ठेवला आणि तिची जाळी वेगळी राखली, तर हा खटाटोप बहुधा टळतो. नर्मदेचे नळाचे पाणी क्लोरीन न घालवता टाकीत ओतू नये, हे निराळे सांगायला नको; तरी ओतणारे आहेतच.

काही जण आजारी मासे पुण्य समजून सिरपूर तलावात सोडतात. 2022 मध्ये रामसर या महत्त्वाच्या पाणथळींच्या आंतरराष्ट्रीय यादीत आलेल्या या पाणथळीत परके मासे आणि त्यांचे परजीवी सोडण्यात कसले पुण्य, ते मला उमगत नाही. दुकानदारांनी नवा माल काही दिवस वेगळा ठेवून मगच विकावा आणि बाटलीबरोबर उपचाराची पूर्ण मुदत हिंदी-मराठीत लिहून द्यावी, ही विनंती आपल्या पत्रामार्फत करतो.

आपला,
एक मत्स्यपालक वाचक, इंदूर