चार वेळा दुसरी

कॅव्हन, आयर्लंड
१४ नोव्हेंबर

प्रिय सुनंदा,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र येऊन आठ दिवस झाले. मुग्धा जिल्ह्याच्या क्रॉस कंट्रीत, रानातून-चिखलातून धावायच्या त्या शर्यतीत, याही वर्षी दुसरी आली आणि घरी आल्यावर तिने बूट पिशवीतून काढलेसुद्धा नाहीत, हे वाचलं तेव्हाच उत्तर लिहायला हवं होतं. पण रात्रपाळ्या लागल्या होत्या. आज सुट्टी आहे, बाहेर पावसाची झड लागलीय, आणि मला तुला कॅथरिना मॅककिअर्नन या धावपटूबद्दल लिहायचंय.

ती इथलीच, कॅव्हन जिल्ह्यातल्या कॉर्नाफीन गावची. शेतकरी घरातली, जन्म १९६९ चा. हा सगळा मुलूख बुटक्या टेकड्यांचा. हिमनद्या मागे ठेवून गेल्या त्या, उपड्या वाट्या मांडाव्यात तशा. मधल्या खोलगटात तळी. गवत कधी पुरतं वाळतच नाही. आपण पावसाळ्यात अजिंक्यताऱ्याच्या चढावर धावायचो तेव्हा पाय कसे भरून यायचे, आठवतं? इथे जवळजवळ बाराही महिने तसंच. चिखलातून पाऊल उपसायचं आणि तरी लय तुटू द्यायची नाही, ही ताकद ट्रॅकवर कमावता येत नाही.

१९९२ साली बॉस्टनला जागतिक क्रॉस कंट्री होती. साधारण सहा किलोमीटर, आणि जमिनीवर बर्फ. अमेरिकेची लिन जेनिंग्ज घरच्या मैदानावर सलग तिसऱ्यांदा जिंकायला उतरली होती, आणि जिंकलीही. मॅककिअर्नन तिच्या मागे २ सेकंदांवर. सहा किलोमीटर धावून २ सेकंद! पुढच्या वर्षी स्पेनमध्ये आमोरेबिएताला पोर्तुगालची आल्बर्टिना डियास पहिली, ही दुसरी. १९९४ ला बुडापेस्टमध्ये केनियाची हेलन चेप्नगेनो पहिली, ही दुसरी. १९९५ ला इंग्लंडमध्ये डरहॅमला इथिओपियाची देरार्तू तुलू. बार्सिलोना ऑलिंपिकमधली १०,००० मीटरची विजेती ती. अथेन्सच्या विमानतळावर अडकून पडली, रात्रभर झोप नाही, शर्यतीच्या जेमतेम तासभर आधी पोचली, आणि तरी जिंकली. कॅथरिना पुन्हा दुसरी.

लोक हे सांगताना हळहळतात. मला ती हळहळ पटत नाही, सुनंदा. नावं एकाखाली एक लिहून बघ. चार वर्षांत चार वेगळ्या विजेत्या, त्याही चार देशांच्या. चारही वर्षं पहिल्या दोघींत होती ती फक्त कॉर्नाफीनची ही मुलगी. दरवर्षी वेगळं मैदान, दरवर्षी नवी प्रतिस्पर्धी, आणि दरवर्षी तिला हरवायला कुणीतरी वेगळीच लागायची. जगभरातल्या धावपटूंना तेव्हा वर्षातून एकदा एकाच रेषेवर उभं करणारी ही शर्यत. तिथे चार वर्षं एकदाही घसरायचं नाही, याला काय म्हणायचं तूच सांग.

आणि या चार रौप्यपदकांच्या मधेच, १९९४ च्या डिसेंबरमध्ये, युरोपची पहिलीवहिली क्रॉस कंट्री अजिंक्यपद स्पर्धा इंग्लंडमधल्या अ‍ॅनिकला झाली. ती हिने जिंकली. १९९७ ला तुरिनमधल्या जागतिक क्रॉस कंट्रीत आयर्लंडचीच नामवंत धावपटू सोनिया ओसलिव्हन आणि ही एकाच संघात होत्या. आयर्लंडच्या महिलांना तिथे सांघिक कांस्य मिळालं.

त्यानंतर मॅरेथॉन. जो डूनन हे तिचे प्रशिक्षक. १९९७ च्या सप्टेंबरात बर्लिनला ती आयुष्यातली पहिली मॅरेथॉन धावली आणि २ तास २३ मिनिटं ४४ सेकंदांत पहिली आली. पदार्पणात इतकं वेगवान तोवर कुठलीच बाई धावली नव्हती. पुढच्या एप्रिलमध्ये लंडन जिंकली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये अ‍ॅमस्टरडॅम, २:२२:२३. पहिल्या तीन मॅरेथॉन, तिन्ही जिंकलेल्या! अ‍ॅमस्टरडॅमची ती वेळ वीस वर्षांहून अधिक काळ आयर्लंडचा राष्ट्रीय विक्रम होती. पुढे दुखापतींनी तिला सोडलं नाही. ते वाचताना मला अजून वाईट वाटतं.

पण एक कर. मुग्धाला हे सांगशील तेव्हा बर्लिनपासून सुरुवात करू नकोस. "बघ, दुसरी यायची ती शेवटी पहिली आली," असं सांगितलंस तर तिला वाटेल की बॉस्टन, बुडापेस्ट, डरहॅम ही सगळी नुसती वाट बघण्याची वर्षं होती. तशी ती नव्हती. बॉस्टनपासून सांग. बर्फ सांग, ते २ सेकंद सांग, आणि कॅथरिना पुढच्या वर्षी परत त्याच रेषेवर येऊन उभी राहिली ते सांग. मॅरेथॉनचं तिने विचारलं तरच सांग.

गेल्या रविवारी मी कॉर्नाफीनच्या रस्त्याने सहा किलोमीटर धावले. अगदी सावकाश. एका कुंपणाशी थांबून पलीकडचं ओलं रान बघत उभी राहिले आणि तुझी फार आठवण आली. तू पुढे, मी मागे, आणि वर पोचल्यावर तू पाण्याची बाटली आधी माझ्या हातात द्यायचीस.

मुग्धाच्या बुटांचं माप कळव. चिखलासाठी लांब खिळ्यांचे स्पाइक्स इथे चांगले मिळतात, डिसेंबरात येताना घेऊन येईन. आईंना आणि भाऊजींना नमस्कार सांग.

आणि हो, एक लिहायचं राहिलंय तुझ्याकडून. यंदा जी पहिली आली, ती गेल्या वर्षीचीच मुलगी होती का?

तुझी,
वैशाली