लंडनच्या वाचनालयातल्या ताईंना

आदरणीय ताई,

सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव इथे लिहीत नाही, तुम्हाला ते रुचणार नाही. पण चारचौघांत आभार मानल्याशिवाय मला चैन पडायचं नाही.

अ‍ॅडेल डिक्सन या ब्रिटिश नटी-गायिकेवर लिहायचंय म्हटल्यावर याआधी एका ठिकाणी मला दारातही उभं केलं नव्हतं. ‘बीबीसी टीव्हीच्या उद्घाटनाच्या प्रक्षेपणाचं रेकॉर्डिंग नाही’, एवढंच एका ओळीचं उत्तर. पुढच्या पत्रांना तेही नाही. एका जाणकारांनी तर विचारलं, ‘एक गाणं म्हटलेल्या बाईवर काय लिहिणार?’ ते बोल अजून सलतात. लंडनच्या ओल्ड विक नाट्यगृहात १९२९ साली नट जॉन गिलगुडच्या रोमिओसमोर ज्युलिएट उभी करणारी ही नटी! २ नोव्हेंबर १९३६ ला लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून बीबीसीची दूरचित्रवाणी सेवा सुरू झाली, त्या उद्घाटनात गायली ती हीच. टीव्हीच्या इतिहासात तिचं नाव उरलंय ते त्या एका दुपारपुरतं.

तुम्ही मात्र ‘बसा, बघू या’ म्हणालात आणि जुन्या अंकांचे गठ्ठे काढून आणलेत. बंद व्हायची वेळ झाली होती, बाकीच्या टेबलांवरचे दिवे मालवले जात होते. तुम्ही पर्समधून स्वतःचं भिंग काढलंत, त्या बारीक छपाईवर ठेवलंत आणि चक्क मराठीत म्हणालात, ‘सावकाश वाचा. ही बाई त्या दिवशी दोनदा गायली, बरं का.’

बेअर्डची २४० रेषांची आणि मार्कोनी-ईएमआयची ४०५ रेषांची, अशा चित्र आडव्या रेषांनी उभं करणाऱ्या दूरचित्रवाणीच्या दोन यंत्रणा तेव्हा स्पर्धेत होत्या. नाणेफेकीत पहिली पाळी बेअर्डला मिळाली. मग तोच समारंभ दुसऱ्या यंत्रणेवर पुन्हा झाला. पुस्तकांत हा सामना तंत्रांचा म्हणून येतो. तुम्ही बोट ठेवलंत ते गाणारीवर. तीच भाषणं पुन्हा होऊ द्यायची, आपली पाळी आली की तोच टवटवीतपणा चेहऱ्यावर आणायचा, आणि पाहणारे कोण, तर लंडन परिसरातली टीव्ही संच असलेली मोजकी घरं! आज तिचं जे गाणं पाहायला मिळतं, ते ‘टेलिव्हिजन कम्स टू लंडन’ या चित्रपटातलं. त्या दुपारच्या थेट गाण्यांपैकी एकही उरलेलं नाही. माझा अख्खा लेख आता त्या दुपारच्या दोन्ही वेळच्या गाण्याभोवती उभा आहे.

समोरच्याचं काम आपलंच समजणारी माणसं टेबलापलीकडे भेटतात, तेव्हा आधीचे सगळे अपमान गिळता येतात. ताई, ते भिंग तुम्ही माझ्या हातात दिलंत, तेव्हा मला नीट बोलताही आलं नव्हतं. म्हणून हे पत्र. लेख छापून आला की पहिला अंक तुमच्याकडे येईल, आणि या खेपेला वाचायची पाळी तुमची.

तुमची कृतज्ञ,
एक वाचक